हरवलेला पहिला ड्रॅक्युला

भयपटांच्या इतिहासावरची बहुतेक पुस्तकं ड्रॅक्युलाचं प्रकरण ४ मार्च १९२२ या तारखेपासून सुरू करतात. त्या दिवशी बर्लिनच्या प्राणिसंग्रहालयातल्या संगमरवरी सभागृहात एफ. डब्ल्यू. मुर्नाउ यांच्या ‘नोस्फेरातू’चा पहिला खेळ झाला. टक्कल, उंदरासारखे दात आणि लांब नखं असलेला तो काउंट ऑर्लोक पुढे जगभर ओळखला गेला. पण त्याच्या वर्षभर आधी व्हिएन्नात एक चित्रपट दाखवला गेला होता. त्याचं नाव ‘द्राकुला हालाला’, म्हणजे ‘ड्रॅक्युलाचा मृत्यू’, आणि दिग्दर्शक होते कारोय लायताय. ब्रॅम स्टोकरच्या सैतानाचं नाव पडद्यावर आणणारा हा पहिला माणूस. त्याच्या चित्रपटाची एक फूट फिल्मही आज उपलब्ध नाही. उरलीत ती काही छायाचित्रं, सिनेमासिकांतले त्रोटक मजकूर आणि एक पातळशी कादंबरिका. एवढ्या सामग्रीवरून त्या चित्रपटाची कहाणी बरीचशी जुळवता येते, आणि ती सांगायलाच हवी. तिच्यात एका चित्रपटासोबत एका मोडून पडलेल्या देशाचीही गोष्ट आहे.

स्टोकर यांची ‘ड्रॅक्युला’ कादंबरी लंडनमध्ये १८९७ साली आली. हंगेरीशी तिचं नातं पहिल्या पानापासूनचं. कादंबरीचा नायक जोनाथन हार्कर बुडापेस्ट मागे टाकतो, पहिली रात्र क्लाउसेनबुर्गच्या हॉटेलात काढतो आणि मग ट्रान्सिल्व्हेनियाच्या डोंगरांत शिरतो. क्लाउसेनबुर्ग म्हणजे हंगेरियन लोकांचं कोलोझवार. तेव्हा ट्रान्सिल्व्हेनिया हंगेरीच्या राज्यातच होता. पुढे व्हॅन हेल्सिंग आपल्या ‘आर्मिनियस’ नावाच्या विद्वान मित्राचा दाखला देतो. हा मित्र म्हणजे बुडापेस्टचे प्राच्यविद्यापंडित आणि प्रवासी आर्मिन वांबेरी. त्यांची आणि स्टोकर यांची लंडनमध्ये भेट झाली होती. त्यामुळे कादंबरीचा पहिला परभाषक वाचक हंगेरियन असावा, यात आश्चर्य नाही. १८९८ च्या जानेवारीत ‘बुदापेश्ती हीरलाप’ या दैनिकात तिचा अनुवाद क्रमशः सुरू झाला आणि त्याच वर्षी तो ‘हार्कर जोनाथनची रोजनिशी’ या उपशीर्षकासह पुस्तकरूपात आला. म्हणजे लायताय यांनी कॅमेरा लावला, तेव्हा हंगेरियन वाचकांच्या कानांवर ‘द्राकुला’ हे नाव वीस वर्षं पडत आलं होतं.

मग चित्रपट यायला १९२१ का उजाडावं? त्याआधी हंगेरीत चित्रपटनिर्मिती नव्हती असं मुळीच नाही. पहिल्या महायुद्धात फ्रान्स, इंग्लंड, इटली ही शत्रुराष्ट्रं ठरली आणि त्यांचे चित्रपट यायचे थांबले. थिएटरं तर उघडी होती, प्रेक्षक बातम्यांनी गांजलेले होते. ती पोकळी देशी निर्मात्यांनी भरली आणि १९१८ पर्यंत वर्षाकाठी निघणाऱ्या चित्रपटांची संख्या शंभराच्या घरात गेली. एक केंद्र बुडापेस्ट, दुसरं कोलोझवार. कोलोझवारला नाट्यनिर्माते येनो यानोविच यांनी रंगभूमीवरचे नट घेऊन चित्रपट काढायला सुरुवात केली होती. ट्रान्सिल्व्हेनिया जगासाठी पिशाचांचा मुलूख झाला, पण खुद्द हंगेरियन माणसाच्या लेखी तो चित्रपटांचा एक गजबजलेला कारखाना होता, ही गोष्ट विसरली जाते. यानोविचकडून शांदोर कोर्दा यांनी ‘कॉर्विन’ कंपनी घेतली, बुडापेस्टला आणली आणि शहराच्या झुग्लो भागात १९१७ साली मोठा स्टुडिओ उभारला. हेच कोर्दा पुढे इंग्लंडमध्ये सर अलेक्झांडर कोर्डा झाले.

मग सगळंच कोसळलं. १९१८ च्या शरदात ऑस्ट्रिया-हंगेरीचं साम्राज्य फुटलं. १९१९ च्या मार्चमध्ये बेला कून यांचं साम्यवादी सरकार आलं आणि त्याने महिन्याभरात चित्रपटधंद्याचं राष्ट्रीयीकरण केलं. रशियात लेनिनचा तसाच हुकूम निघायला अजून काही महिने होते. हे सरकार १३३ दिवस टिकलं. ते पडल्यावर अॅडमिरल होर्ती यांच्या बाजूने सूडसत्र सुरू झालं. ज्यांनी सरकारी समित्यांवर काम केलं होतं ते संशयित ठरले, त्यांत जे ज्यू होते त्यांच्यावर दुहेरी संकट आलं. कोर्दा यांना अटक झाली. सुटताच त्यांनी व्हिएन्ना गाठलं. नटांची संघटना बांधण्यात पुढे असलेला बेला लुगोसी हा तरुण नटही आधी व्हिएन्नाला आणि तिथून बर्लिनला पळाला. दिग्दर्शक मिहाय केर्तेस तर आधीच व्हिएन्नात पोचले होते. ४ जून १९२० रोजी त्रियानोंच्या तहावर सह्या झाल्या आणि हंगेरीचा दोन-तृतीयांश भूभाग गेला. त्यात कोलोझवार गेलं, तेमेश्वार गेलं, अख्खा ट्रान्सिल्व्हेनिया गेला. चित्रपटधंद्याच्या दृष्टीने पाहिलं तर एक केंद्र परक्या देशात, दुसऱ्यातली कर्ती माणसं देशोधडीला आणि हंगेरियन भाषेचा प्रेक्षक चार देशांत विखुरलेला, अशी परिस्थिती झाली.

व्हिएन्नात मात्र काम होतं. काउंट साशा कोलोव्राट यांची ‘साशा’ कंपनी भव्य चित्रपट काढत होती आणि हंगेरीतून आलेल्या गुणी माणसांना तिथे थारा मिळत होता. केर्तेस तिथे रुजले. बुडापेस्ट आणि व्हिएन्ना यांच्यात नट, कॅमेरामन, पटकथा आणि भांडवल यांची ये-जा चालू राहिली. लायताय हे या ये-जा करणाऱ्यांपैकी एक. ते मुळात नट. युद्धाच्या काळात ते दिग्दर्शनाकडे वळले. कोर्दा किंवा केर्तेस यांच्यासारखं नाव त्यांचं नव्हतं. मात्र धंद्याची चांगली जाण असलेला आणि दोन्ही शहरांत ओळखी राखून असलेला हा माणूस होता. ‘द्राकुला हालाला’ची पटकथा त्यांनी केर्तेस यांच्या साथीने लिहिली. हाच केर्तेस पुढे हॉलिवूडमध्ये मायकेल कर्टिझ झाला आणि त्याने ‘कासाब्लांका’ काढला. ‘कासाब्लांका’ जगाला पाठ आहे, पण त्याच्या दिग्दर्शकाने पडद्यावरच्या पहिल्या ड्रॅक्युलाच्या कथेला हात लावला होता, हे फार थोड्यांना ठाऊक असतं.

चित्रण १९२१ च्या सुरुवातीला, कडाक्याच्या थंडीत झालं. बाहेरची दृश्यं व्हिएन्ना आणि आसपासच्या प्रदेशात घेतली गेली, आतली बुडापेस्टच्या कॉर्विन स्टुडिओत. ज्या स्टुडिओचा मालक परागंदा झाला होता, त्याच स्टुडिओत ड्रॅक्युलाचा वाडा उभा राहिला. कॅमेऱ्यामागे एदुआर्द होएश आणि लायोश गासेर. ड्रॅक्युलाची भूमिका व्हिएन्नाच्या रंगभूमीवरचे नट पाउल आस्कोनास यांच्याकडे गेली. उपलब्ध छायाचित्रांत त्यांची रोखलेली नजर पाहिली की निवड किती नेमकी होती हे कळतं. याच आस्कोनास यांना पुढे रॉबर्ट वीने यांनी ‘ओर्लाकचे हात’ या १९२४ च्या भयपटात घेतलं. नायिका मेरी लँडच्या भूमिकेसाठी नाव घेतलं जातं ते मार्गित लुक्स हिचं. लेने मील या सर्बियन नटीचंही नाव चित्रपटाशी जोडलेलं आहे. कोणती नटी नेमक्या कोणत्या भूमिकेत होती याचा काथ्याकूट अभ्यासक करत असतात, तो त्यांच्यावर सोडू या. मेरीच्या वाग्दत्ताची भूमिका देझो केर्तेस यांनी केली.

आणि आता खरी गोष्ट, म्हणजे पडद्यावरची. ती आपल्याला १९२४ साली निघालेल्या कादंबरिकेवरून कळते. मेरी लँड ही सोळा वर्षांची शिवणकाम करणारी मुलगी, डोंगराळ गावात राहते. आई गेलेली. आईच्या जाण्याने वडिलांचं मन ढळलं आणि त्यांना वेड्यांच्या इस्पितळात ठेवावं लागलं. मेरी त्यांना भेटायला जाते. तिथल्या रुग्णांमध्ये तिला एक ओळखीचा चेहरा दिसतो. शाळेत तिला संगीत शिकवणारे मास्तर! पण मास्तर आता स्वतःला ड्रॅक्युला म्हणवतात. आपण अमर आहोत, हजारो वर्षं जगलो आहोत, असं ते सांगतात. मेरी घाबरते, आणि पुढचं संकट तर भलतीकडूनच येतं. डॉक्टरांचे पांढरे कपडे चढवलेले दोन रुग्ण तिला धरतात, बांधतात आणि तिच्या डोळ्यांवर शस्त्रक्रिया करायला निघतात. ऐन वेळी खरे डॉक्टर धावून येतात.

त्या रात्री मेरी इस्पितळातच झोपते, आणि चित्रपटाचा गाभा इथून सुरू होतो. ड्रॅक्युला तिला आपल्या वाड्यात नेतो. तिथे त्याच्या आधीच्या बायकांचा घोळका आहे. मेरीला वधूवेश चढवला जातो, लग्नाचा विधी सुरू होतो. शेवटच्या क्षणी मेरी गळ्यातला क्रूस पुढे धरते, ड्रॅक्युला मागे हटतो, आणि ती बर्फातून पळत सुटते. गारठून पडलेल्या मेरीला गावची माणसं उचलून आणतात. तरी ड्रॅक्युला तिचा पाठलाग सोडत नाही. डोळे उघडतात तेव्हा ती इस्पितळातच असते. घडलं ते स्वप्न होतं की खरं, हे तिला ठरवता येत नाही. दरम्यान इस्पितळाच्या बागेत एका रुग्णाच्या हाती पिस्तूल लागतं. ड्रॅक्युला त्याला छाती पुढे करून सांगतो, झाड गोळी, मी मरत नाही. गोळी सुटते आणि तो मरतो. मेरीला न्यायला तिचा वाग्दत्त येतो. मृताच्या सामानात एक वही सापडते, त्याच्या अमर आयुष्याची रोजनिशी. मेरीला ती वही नको असते.

या कथेत स्टोकर यांचं काय उरलं? लंडन नाही, हार्कर नाही, व्हॅन हेल्सिंग नाही, गळ्यावरच्या दोन दातांच्या खुणा नाहीत. उरला तो वाडा, बायका, क्रूस आणि नाव. शेवटच्या वहीत मात्र स्टोकर यांच्या रोजनिश्यांची सावली दिसते. हंगेरियन वाचकाने ही कथा ‘रोजनिशी’ म्हणूनच वाचली होती, हे लक्षात घेतलं तर ती वही फेकण्याजोगी ठरणं अर्थपूर्ण वाटतं. वेड्यांचं इस्पितळ कादंबरीतही आहे, डॉ. सेवर्डचं. तिथला रुग्ण रेनफिल्ड ड्रॅक्युलाला मालक मानतो. लायताय आणि केर्तेस यांनी एक पाऊल पुढे टाकलं आणि इस्पितळातल्या रुग्णालाच ड्रॅक्युला केलं. त्यांच्यासमोर ताजं उदाहरण होतं. १९२० च्या फेब्रुवारीत बर्लिनमध्ये ‘डॉ. कॅलिगारीची कॅबिनेट’ लागला होता आणि त्याची कथा अखेरीस वेड्यांच्या इस्पितळात जाऊन थांबत होती. आपल्या नजरेने मुलीवर कब्जा मिळवणाऱ्या संगीत मास्तरात जॉर्ज द्यू मोरिए यांच्या कादंबरीतल्या स्वेंगालीचा अंश आहे. या उसनवारीमुळे चित्रपटाचं महत्त्व कमी होतं असं मला वाटत नाही. उलट, भयपटांनी पुढे शंभर वर्षं जे केलं ते इथे आधीच दिसतं. ड्रॅक्युला कादंबरीपासून सुटा झाला, नुसत्या नावावर उभा राहिला आणि तो खरा की कुणाच्या डोक्यातला, हा प्रश्न प्रेक्षकाच्या हाती देण्यात आला.

हे १९२१ मध्ये, त्या शहरांत सुचलं, यामागेही कारणं आहेत. युद्धावरून परतलेल्या, मन ढळलेल्या माणसांनी इस्पितळं भरलेली होती. कालचा शिक्षक आज ओळखू येत नव्हता, कालचा देश आज नकाशावर सापडत नव्हता. रात्रीत सत्ता बदलत होती आणि पांढरे कपडे घातलेला माणूस डॉक्टर आहे की नाही याची खात्री देता येत नव्हती. लायताय यांनी राजकीय चित्रपट काढला, असं म्हणायला कागदोपत्री आधार नाही आणि तसं म्हणायची गरजही नाही. आपल्याला काय भेडसावतंय हे त्या प्रेक्षकाला न सांगता कळत होतं.

व्हिएन्नात चित्रपट १९२१ च्या फेब्रुवारीत दिसला. हंगेरीतल्या प्रेक्षकांना तो पाहायला १९२३ च्या एप्रिलपर्यंत थांबावं लागलं. तोवर ‘नोस्फेरातू’ येऊन गेला होता आणि पहिलेपणाचा मान बुडापेस्टमध्ये तरी कुणी मिरवला नाही. सिनेपत्रकार लायोश पांत्सेल यांनी चित्रपटाच्या कथेवर लिहिलेली कादंबरिका १९२४ साली तेमेश्वारला छापली गेली. तेमेश्वार तेव्हा रुमानियात गेलेलं होतं. सीमेपलीकडे अडकलेल्या हंगेरियन वाचकांसाठी स्वस्तातली पुस्तकं काढण्याचा तो काळ. कुणाच्या ध्यानीमनी नसताना त्या पुस्तिकेने चित्रपटाची कथा वाचवली. लुगोसीचं जन्मगाव लुगोश तेमेश्वारपासून फार लांब नाही. ज्या वर्षी ही पुस्तिका छापली गेली, तेव्हा तो अमेरिकेत इंग्रजी शिकत रंगभूमीवर जम बसवत होता. १९२७ मध्ये ब्रॉडवेवर आणि १९३१ मध्ये टॉड ब्राउनिंग यांच्या चित्रपटात तो ड्रॅक्युला झाला आणि त्याचा हंगेरियन हेल जगाने ड्रॅक्युलाचा आवाज म्हणून स्वीकारला.

‘नोस्फेरातू’ आणि ‘द्राकुला हालाला’ यांची नशिबं इतकी वेगळी का झाली, याचं उत्तर कलेत शोधण्यापेक्षा कोर्टकचेरीत शोधावं लागतं. मुर्नाउ यांच्या ‘प्राना’ कंपनीने कादंबरीची कथा उचलली, पात्रांची नावं बदलली, आणि तरीही श्रेयनामावलीत स्टोकर यांचं नाव छापलं. हक्क विकत घेतले नव्हते. स्टोकर १९१२ मध्ये वारले होते आणि त्यांची विधवा फ्लॉरेन्स हिच्या उत्पन्नाचं एक मुख्य साधन ही कादंबरी होती. तिने लेखकांच्या ब्रिटिश संघटनेमार्फत दावा लावला. ‘प्राना’ तोवर दिवाळखोरीत निघाली होती. अखेर १९२५ मध्ये चित्रपटाच्या सगळ्या प्रती नष्ट करण्याचा आदेश जर्मन न्यायालयाने दिला. पण प्रती देशोदेशी गेल्या होत्या, त्यांतल्या काही वाचल्या. शिवाय दाव्याचे कागद, पत्रव्यवहार, वृत्तपत्रांतल्या बातम्या यांनी चित्रपटाचं नाव इतिहासात पक्कं केलं. लायताय यांनी नेमकं उलट केलं होतं. त्यांनी नाव घेतलं आणि कथा सोडली. दावा लावायला फ्लॉरेन्स स्टोकर यांच्यापर्यंत बातमी पोचायला हवी, ती पोचल्याचं दिसत नाही. हंगेरी तर साहित्यहक्कांच्या बर्न करारात १९२२ पर्यंत सामीलच नव्हता. ज्या चित्रपटाला कुणी कोर्टात खेचलं नाही, त्याच्याबद्दल कुणी कागदही जपून ठेवला नाही. नष्ट करण्याचा हुकूम निघालेला चित्रपट आज आपण पाहू शकतो आणि ज्याच्यावर कुणी बोट ठेवलं नाही तो नाहीसा झाला.

नाहीसा झाला म्हणजे नेमकं काय झालं? त्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची. ती झटकन पेट घेते आणि एकदा पेटली की पाण्यानेही विझत नाही. दमट जागेत ठेवली तर आधी चिकट होते, मग तिची भुकटी होते. तिच्यावरच्या थरात चांदी असते, त्यामुळे खेळ संपलेल्या प्रती चांदी काढण्यासाठी विकल्या जात. बोलपट आल्यावर मूकपट साठवून ठेवायला कुणालाच पैसे मोजायचे नव्हते. बुडापेस्टने तर १९४४-४५ च्या हिवाळ्यात पन्नासेक दिवसांचा वेढा आणि घराघरातली लढाई सोसली. हंगेरीत मूकपटांच्या काळात सहाशेच्या आसपास कथापट निघाले, त्यांतले दहांतला एखादाच आज शिल्लक आहे. खुद्द मुर्नाउ यांचा ‘डेर यानुसकोप्फ’ हा १९२० चा चित्रपटही असाच गेला. स्टीव्हन्सनच्या ‘जेकिल अँड हाइड’वरून विनापरवानगी काढलेल्या त्या चित्रपटात बेला लुगोसी नोकराच्या भूमिकेत होता. अमेरिकेची अवस्थाही फार वेगळी नाही. तिथल्या काँग्रेस ग्रंथालयाच्या २०१३ च्या अहवालात १०,९१९ मूक कथापटांची नोंद आहे आणि त्यांपैकी मूळ स्वरूपात पूर्ण उपलब्ध असलेले केवळ १४ टक्के.

मराठी वाचकाला हे दुःख परकं नाही. लायताय यांचा चित्रपट व्हिएन्नात लागण्याच्या वर्षभर आधी, ७ फेब्रुवारी १९२० रोजी, पुण्याच्या आर्यन थिएटरात कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांचा ‘सैरंध्री’ लागला होता. त्यातला कीचकवध इतका खरा वाटला, की त्या दृश्याला कात्री लागली. प्रेक्षकांचा थरकाप उडवणारं ते दृश्य आणि सगळा ‘सैरंध्री’ आज हरवलेला आहे. दादासाहेब फाळके यांच्या चित्रपटांचे जे तुकडे आपण पाहतो, तेही पी. के. नायर यांच्यासारखा माणूस पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात होता आणि तो डबे शोधत हिंडला, म्हणून. कोल्हापूर आणि बुडापेस्ट यांच्यात हजारो मैलांचं अंतर आहे, पण नायट्रेट दोन्हीकडे सारखंच कुजतं.

लायताय यांच्या विस्मरणाला भाषेनेही हातभार लावला. चित्रपटाचा पाश्चात्त्य इतिहास लिहिला गेला तो इंग्रजी, फ्रेंच आणि जर्मन कागदांवरून. हंगेरियन सिनेमासिकं वाचणारा इतिहासकार दुर्मिळ. जे हंगेरियन जगप्रसिद्ध झाले ते नावं बदलून झाले, कोर्डा झाले, कर्टिझ झाले. लायताय युरोपातच राहिले, म्हणून त्यांचं मूळ नाव त्यांच्याजवळ राहिलं आणि त्याच नावासह ते मागे पडले. पुढची अनेक दशकं ‘द्राकुला हालाला’ हा केवळ यादीतला एक उल्लेख होता. कधी त्याचं दिग्दर्शन केर्तेसच्या नावावर टाकलं जाई, कधी तो ‘नोस्फेरातू’नंतरचा म्हणून सांगितला जाई. अशा रिकाम्या जागेत दंतकथा लगेच उगवतात. १९२० साली रशियात ड्रॅक्युलावर चित्रपट निघाला होता, असंही सांगितलं जातं; त्याला आजवर एकही भरवशाचा पुरावा मिळालेला नाही.

शोधाची दिशा बदलली ती हंगेरियन अभ्यासक येनो फार्काश यांच्यामुळे. त्यांनी १९९७ मध्ये ‘फिल्मविलाग’ मासिकात या चित्रपटावर लेख लिहिला आणि पांत्सेल यांच्या कादंबरिकेकडे लक्ष वेधलं. तिची प्रत बुडापेस्टच्या सेचेनी राष्ट्रीय ग्रंथालयात होती. मग लुगोसीच्या चरित्राचे अभ्यासक गॅरी ऱ्होड्स यांनी २०१० मध्ये इंग्रजीत सविस्तर शोधनिबंध लिहिला. त्यांनी समकालीन हंगेरियन नियतकालिकं चाळली, व्हिएन्नातल्या खेळाचा पुरावा मांडला आणि कादंबरिकेचा इंग्रजी अनुवाद वाचकांसमोर ठेवला. तेव्हापासून हा चित्रपट ‘पहिला ड्रॅक्युला’ म्हणून ओळखला जाऊ लागला. मला मात्र पहिलेपणाच्या पदकापेक्षा दुसरी गोष्ट महत्त्वाची वाटते. ऱ्होड्स आणि फार्काश यांच्यामुळे आपल्याला मुर्नाउ यांच्या वाटेहून निराळी वाट दिसली. मुर्नाउ यांचा पिशाच बाहेरून, जहाजात बसून, प्लेग घेऊन येतो. लायताय यांचा पिशाच शाळेतला मास्तर असतो, आपल्याच गावातला, आपल्याच इस्पितळातला. भयपटांनी पुढे दोन्ही वाटा चोखाळल्या, पण दुसऱ्या वाटेचं श्रेय लायताय यांना कुणी दिलं नव्हतं.

केर्तेस यांच्या वाट्याला नियतीने आणखी एक गंमतशीर वळण ठेवलं होतं. कर्टिझ होऊन त्यांनी १९३३ मध्ये ‘मिस्टरी ऑफ द वॅक्स म्युझियम’ हा रंगीत भयपट काढला. तोही हरवला असं कित्येक वर्षं मानलं जात होतं, मग स्टुडिओचे मालक जॅक वॉर्नर यांच्या खासगी संग्रहात त्याची प्रत निघाली. १९१४ साली यानोविचसाठी त्यांनी ट्रान्सिल्व्हेनियात काढलेला ‘अ तोलोंत्स’ हा चित्रपटही गेल्यातच जमा होता. त्यात थोर अभिनेत्री मारी यासाय होत्या. त्याची प्रत न्यूयॉर्कमधल्या हंगेरियन हाउसच्या तळघरात सापडली. कुणा देशांतरिताने कधीतरी समुद्रापार नेलेले ते डबे होते. हंगेरीच्या चित्रपट संग्रहालयाने त्यांची डागडुजी केली आणि चित्रपट पुन्हा पडद्यावर आला. २००८ मध्ये ब्युनॉस आयरिसच्या संग्रहालयात ‘मेट्रोपोलिस’चे तोडलेले प्रसंग सापडले, तेही असेच कुणी शोधत नसलेल्या जागी.

त्यामुळे ‘द्राकुला हालाला’चा शोध संपलेला नाही, पण तो कुठे घ्यायचा याचा विचार आता अधिक नेमकेपणाने करता येतो. चित्रपटाचा पहिला खेळ व्हिएन्नात झाला, तेव्हा जर्मन मजकुराची प्रत असणारच. तिच्यावर हंगेरियन नाव नसेल, कदाचित ‘ड्रॅक्युला’ हा शब्दही नसेल. ऑस्ट्रिया, रुमानिया, सर्बिया या देशांतल्या संग्रहांत नावनिशाणी गेलेली, सुरुवातीची दृश्यं तुटलेली कितीतरी रिळं पडून आहेत. त्यांतलं एखादं तपासताना कुणाला बर्फातून पळणारी वधूवेशातली मुलगी दिसली, किंवा पांढरे कपडे घातलेली दोन माणसं एका मुलीला टेबलावर बांधताना दिसली, तर त्याने ते रीळ बाजूला ठेवून पाउल आस्कोनास यांची छायाचित्रं काढावीत आणि चेहरा ताडून पाहावा.